काळ्या फितीतले अध्यक्ष

प्यो दोक-मान यांचं निधन ऑगस्टच्या पहिल्या सोमवारी, संध्याकाळी सात वाजून एकावन्न मिनिटांनी झालं. त्या वेळी ते उकडलेलं कणीस खात होते. टीव्हीवर पांढऱ्या शेवंतीची भिंतच्या भिंत उभी होती, काळ्या सुटातली माणसं रांगेनं वाकत होती, मधोमध काळ्या फितीची चौकट होती आणि चौकटीत स्वतः दोक-मान बसले होते.

"अहो," सुन-रेबाई म्हणाल्या, "हे तुम्ही."

"हो," दोक-मान म्हणाले. दुसरं काय म्हणणार? दातात कणसाचा दाणा अडकला होता.

मालिकेचं नाव 'हेवोलची धाकटी सून'. हेवोल म्हणजे जहाजं, दुकानं, हॉटेलं, काय वाटेल ते असलेला उद्योगसमूह. त्याचे अध्यक्ष पहिल्याच भागात खपतात, तीन मुलं खुर्चीसाठी एकमेकांचे गळे धरतात आणि धाकटी सून मात्र त्या घरात मुळात आलेली असते ती आपल्या बापाचा सूड उगवायला. ती रोज अध्यक्षांच्या फोटोपुढे उभी राहायची आणि डोळ्यांत पाणी न आणता म्हणायची, "अध्यक्ष, या घराची एकेक वीट मी काढीन." अध्यक्ष, म्हणजे दोक-मान, काही बोलायचे नाहीत. इंचनमधल्या बिनलिफ्टच्या पाचमजली इमारतीत, चौथ्या मजल्यावर, ते पंख्याखाली बसून स्वतःला दम भरला जाताना बघायचे.

आता हा फोटो तिथे गेला कसा? सत्तरी उलटली की तोंड बरं आहे तोवर आपल्या अंत्यविधीचा फोटो काढून ठेवावा, अशी इकडे रीत आहे. त्याला म्हणायचं दीर्घायुष्याचा फोटो, म्हणजे काढून घेणाऱ्याला धीर येतो. सुन-रेबाईंनी वसंतात हट्ट धरला आणि दोक-मान कोपऱ्यावरच्या मा फोटोवाल्याकडे गेले. फोटोवाल्यानं त्यांना आपला स्वतःचा टाय बांधला, खुर्चीत बसवलं आणि सांगितलं, "आजोबा, कॅमेऱ्याकडे नको, लांब बघा."

दोक-माननी लांब बघितलं. एकतीस वर्षं त्यांनी पाणीपुरवठा खात्यात मीटर वाचले होते. टेकडीवरच्या श्रीमंतांच्या बंगल्यांचे मीटरही त्यांनीच वाचले, पण ते फाटकाबाहेरच्या पेटीत असायचे. आत काय आहे ते एकतीस वर्षांत दिसलं नाही. त्या खुर्चीत बसून ते त्या फाटकांच्या पलीकडे बघत राहिले, आणि फोटो असा आला की माणूस तीन कंपन्या आणि एका बंदराचा मालक वाटावा. मा हरखून गेला. त्यानं दोन चौकटी फुकट देऊ केल्या आणि सात पानी कागदावर सही घेतली. जन्मभर लोकांना 'वाचून सही करा' असं बजावणाऱ्या दोक-माननी न वाचता सही केली, आणि फोटो टीव्हीवाल्यांकडे गेला. चौकटी खरंच चांगल्या लाकडाच्या होत्या.

टीव्हीवर स्वतःला मेलेलं बघून माणसाच्या मनात पहिला विचार काय यावा? दोक-मानच्या मनात आलं, दादा बघत असेल का?

दादा म्हणजे थोरले बंधू, प्यो दोक-सू. ते सोचोनच्या किनाऱ्यावर मूळ गावी राहतात. दोघं भाऊ आठ वर्षं एकमेकांशी बोललेले नाहीत. हेवोलच्या मुलांसारखी जहाजांची वाटणी वगैरे यांच्यात नव्हती. भांडण झालं ते बोरांवरून. आठ वर्षांपूर्वी चुसकच्या, म्हणजे सुगीच्या सणाच्या, सकाळी पितरांचं ताट मांडताना दादांनी बोरांची ताटली पश्चिमेला ठेवली. दोक-मान म्हणाले, "दादा, लाल पूर्वेला असतं." दादा म्हणाले, "फळांची रांग बोरांनी सुरू होते, आणि रांग पश्चिमेकडून सुरू होते." दोन्ही रीती खऱ्या आहेत आणि दोन्ही पाळणारी घरं आहेत, तेव्हा हे भांडण जगाच्या अंतापर्यंत चाललं असतं तरी कुणी चुकलं नसतं. पण दादा पुढे म्हणाले, "तू मला शिकवणार? तू बाबांना पाहिलंयस तरी का?"

दोक-मान दोन वर्षांचे असताना वडिलांची होडी समुद्रावरून परत आली नाही. दादा तेव्हा दहा वर्षांचे होते. घरात वडिलांचा एकही फोटो नाही. ताटापुढे कागदावर लिहिलेलं नाव ठेवतात आणि त्या नावाला नमस्कार करतात. दादा नमस्कार करताना त्यांना एक चेहरा दिसतो. दोक-मानना कागद दिसतो. त्या दिवशी त्यांनी कोट उचलला आणि दादा आधी फोन करील तेव्हाच या घरात पाऊल टाकीन, असं मनाशी ठरवून ते बसमध्ये बसले. हेवोलच्या सुनेला सूड घ्यायला निदान रोज नवी साडेतीन कारस्थानं सुचायची. दोक-मानचा सूड म्हणजे आठ वर्षं फोनशेजारी बसून राहणं.

पहिला आठवडा झकास गेला. तीनशे दोन नंबरच्या बांगबाईंनी इमारतभर बातमी केली. भाजीवाला कोथिंबिरीसारखी फुकट, घसघशीत पालकाची जुडी पिशवीत टाकून म्हणायचा, "घ्या, अध्यक्ष!" दोक-मान "अहो, कसलं काय" म्हणायचे आणि मान किंचित तिरकी करायचे. फोटोत ती तशीच होती. दुपारी बांबूच्या चटईवर डोळा लागला की ते हेवोलच्या बंगल्यात शिरायचे. फाटक आपोआप उघडायचं. लांबच लांब पडवी, पायाखाली थंडगार दगड, दोन्ही बाजूंना मुलं वाकलेली. दोक-मान हातात टॉर्च घेऊन एकेका खोलीत मीटर शोधत जायचे. पडवीच्या टोकाला समुद्र असायचा, आणि समुद्राकडे तोंड करून कुणीतरी पाठमोरं उभं असायचं. त्या माणसापर्यंत ते पोचायच्या आत पंख्याचा खटखट आवाज व्हायचा आणि जाग यायची.

विरजण घातलं बांगबाईंनी. त्या कलिंगडाची फोड घेऊन आल्या आणि मालिका संपेपर्यंत हलल्या नाहीत.

"ताई, एक बोलू? राग नका मानू," त्या सुन-रेबाईंना म्हणाल्या. "जिवंत माणसाला नमस्कार किती?"

"एक."

"आणि मेलेल्याला?"

"दोन."

"मग भावजींना रोज किती जण दोन-दोनदा वाकताहेत? मी आजचेच बघितले, चौदा! वर काळी फीत! चांगल्या जित्याजागत्या माणसाला हे बाधल्याशिवाय राहील?"

"नाटक आहे हो ते," दोक-मान म्हणाले.

"नाटक माणसांना कळतं, भावजी. वरच्यांना कोण सांगणार?"

दुसऱ्या दिवसापासून सुन-रेबाई रोज साडेआठला, मालिका संपली की, नवऱ्याच्या अंगावर मूठभर जाडं मीठ टाकू लागल्या. दोक-मान रात्रीच्या जेवणाला खारट अंगानं बसायचे. मीठ शर्टाच्या खिशात सापडायचं, कानात सापडायचं. एकदा तर ते दवाखान्यात रक्तदाब तपासायला गेले असता बाहीतून मीठ पडलं, आणि डॉक्टरांनी त्यांच्याकडे फार दुःखानं बघितलं.

तरी इथवर सगळं सोसण्यासारखं होतं. तिसऱ्या आठवड्यात अध्यक्षांचं पुसानमधलं दुसरं कुटुंब निघालं.

"अहो, ही कोण?" सुन-रेबाईंनी विचारलं.

"मला काय माहीत!"

"फोटोत तुम्हीच आहात ना?"

"अगं, फोटोत मी आहे, पुसानमध्ये मी नव्हतो!"

"चौऱ्याऐंशी साली खात्यानं तुम्हाला पुसानला पाठवलं होतं. चार दिवस."

 एका कर्तव्यदक्ष सरकारी नोकरानं मीटरदुरुस्तीच्या प्रशिक्षणात घालवलेल्या चार दिवसांचा असा हिशेब मागितला जाईल, अशी दोक-मानना कल्पना नव्हती. त्या रात्री त्यांच्या वाट्याचं किमची जरा जास्तच आंबलेलं होतं.

आणि चौथ्या आठवड्यात, एका गुरुवारी, सगळ्यावर कळस झाला. धाकट्या सुनेला तिजोरीत जुना कागद सापडला. हेवोल अध्यक्षांचा नव्हताच! तो त्यांच्या थोरल्या भावाचा होता. धाकट्यानं थोरल्याला फसवून सगळं लुबाडलं होतं, थोरला खंगून मेला होता, आणि सून ही त्या थोरल्याची मुलगी. ती फोटोवर पांढरी शेवंती फेकून ओरडली, "सख्ख्या भावाचा गळा कापलात!" शेवंती दोक-मानच्या नाकावर बसली.

दुसऱ्या दिवशी ते सार्वजनिक स्नानगृहात गेले. पंधरा वर्षं तिथे एक निवृत्त शिंपी त्यांची पाठ घासतो आणि ते त्याची. शिंप्यानं त्यांच्याकडे एकदा बघितलं आणि टॉवेल पिळून दुसरीकडे जाऊन बसला. "माझाही एक थोरला भाऊ आहे," तो भिंतीकडे बघून म्हणाला.

दोक-मान न घासलेली पाठ घेऊन घरी आले. लोकांचं त्यांना काही वाटलं नसतं. पण दादानं हे बघितलं असलं तर? आठ वर्षांनी दादाला आपला चेहरा दिसावा, आणि तो असा दिसावा? तो म्हणेल, बरोबर, हा असाच आहे. मग फोन कसला येतो! त्यांनी ठरवलं, फोटो काढून घ्यायचा.

टीव्ही कंपनीच्या तक्रार खिडकीत एक तरुण मुलगी बसली होती. तिनं अर्ज दिला. दोक-माननी नाव, पत्ता लिहिला आणि पाचव्या रकान्याशी अडले.

"इथे 'मयताशी नातं' असं विचारलंय," ते म्हणाले.

"हो, आजोबा. मयताच्या फोटोबद्दलची तक्रार फक्त जवळचा नातेवाईक करू शकतो."

"मयत मीच आहे."

मुलीनं संगणकात बघितलं. "'स्वतः' असा पर्याय नाहीये इथे. पत्नी, मुलगा, मुलगी, भाऊ."

"पण मी जिवंत आहे!"

"मग तुमचा फोटो मयताचा नाही, आणि हा अर्ज लागू नाही. जिवंत व्यक्तींसाठी खिडकी क्रमांक सहा."

खिडकी क्रमांक सहामधल्या गृहस्थांनी सात पानी करार काढला, दोक-मानची सही दाखवली आणि म्हणाले की जिवंत व्यक्तीनं स्वखुशीनं मरायला संमती दिलेली आहे, आता मयतातर्फे कुणी आलं तर बघू. दोक-मान दुसऱ्या फेरीला सुन-रेबाईंना घेऊन गेले. त्यांनी 'पत्नी' लिहिलं. तेव्हा मृत्यूचा दाखला मागितला. तो आणायला प्रभाग कार्यालयात गेले, तर तिथला कारकून म्हणाला, "आधी मरावं लागतं." हे तो अत्यंत नम्रपणे म्हणाला, आणि दोक-मानना त्याचं बरोबरही वाटलं. स्वतः सरकारी नोकरीत असते तर त्यांनीही हेच सांगितलं असतं.

तिसऱ्या फेरीला ते एकटेच गेले आणि पहिल्या खिडकीशी नुसते उभे राहिले. अर्जही मागितला नाही.

"आजोबा, एवढं काय झालंय?" मुलीनं विचारलं. "लोकांना टीव्हीवर यायचं असतं. माझी आई रोज तुमच्या फोटोवर ओरडते. तिला फार आवडता तुम्ही."

"पोरी, मला खरंच एक थोरला भाऊ आहे," दोक-मान म्हणाले. "आठ वर्षं आम्ही बोललो नाही. त्यानं बघितलं तर त्याला वाटेल..."  ते चष्मा पुसू लागले. चष्म्यालाही मीठ होतं.

मुलीनं नवा अर्ज पुढ्यात घेतला. मग तिनं पाचव्या रकान्यात स्वतःच्या हातानं 'भाऊ' असं लिहिलं आणि शिक्का मारला. "कुणाचा, ते यात विचारलेलं नाही," ती म्हणाली.

पुढच्या सोमवारी चौकटीत टक्कल पडलेले एक गृहस्थ बसले होते. शेवंती तीच, फीत तीच. मालिकेत कुणालाही फरक पडला नाही. मुलं पूर्वीसारखीच वाकली, सून पूर्वीसारखीच विटा काढीन म्हणाली. बांगबाई दारात उभ्या राहून म्हणाल्या, "नवे अध्यक्ष जास्त श्रीमंत दिसतात नाही? भावजींच्या तोंडावर तो पैसा नव्हता." सुन-रेबाईंनी मिठाची बरणी कपाटात ठेवली. भाजीवाल्यानं पालकाचे पैसे घेतले. दोक-मानना सुटल्यासारखं वाटायला हवं होतं, पण आपल्याला दुसऱ्यांदा, आणि या वेळी फारसा गाजावाजा न करता पुरलं आहे, असं त्यांना वाटत राहिलं. दुपारच्या झोपेत हेवोलचं फाटक आता उघडेना. ते बाहेरच्या पेटीतला मीटर वाचून परत फिरायचे.

बुधवारी संध्याकाळी आठ वाजता फोन वाजला.

"भावजी, मी बोलतेय." सोचोनच्या वहिनी होत्या. आठ वर्षांत पहिल्यांदा. दोक-मान उभेच राहिले. "यांनी तीन दिवस धड जेवण केलं नाहीये. म्हटलं, तुम्हालाच विचारावं. तो फोटो कुठे गेला?"

"वहिनी, तुम्ही... दादानं बघितला?"

"बघितला? पहिल्या दिवशी मी मासे साफ करत होते, तर हे टीव्हीपुढे उभे. रडत होते. तेव्हापासून रोज पावणेआठला स्वच्छ हातपाय धुऊन, कोट घालून बसायचे. फोटो आला की दोनदा खाली डोकं टेकायचे. ती मालिका काय आहे, कोण कुणाला फसवतंय, यांना काही माहीत नाही. आवाजसुद्धा बंद करून ठेवायचे. म्हणायचे, तिला ओरडू दे, मला बघू दे. आणि आता तो टकल्या आलाय! थांबा, हे हिसकावून घेताहेत फोन."

खरखर झाली. मग आठ वर्षांनी तो आवाज आला. थोडा म्हातारा झाला होता, पण दटावणारा तसाच.

"दोक-मान!"

"दादा."

"बाबा कुठे गेले?"

दोक-मानना काही कळलं नाही. मग कळलं, आणि ते खाली बसले.

"गाढवा, तुला कुणी सांगितलंच नाही का?" दादा ओरडत होते, पण ओरडताना मधेच आवाज फाटत होता. "समुद्रावर जायच्या आधी धक्क्यावर उभे राहून ते असेच बघायचे. लांब. मान जराशी तिरकी. म्हातारे झालेले मी त्यांना कधी बघितलंच नव्हतं. झाले असते तर कसे दिसले असते, ते मला आता कळलं, आणि तू त्यांना काढून घेतलंस!"

दोक-मानना आठ वर्षं तयार ठेवलेलं पहिलं वाक्य आठवेना. "दुसरी चौकट आहे, दादा," ते म्हणाले. "कपाटात. चांगल्या लाकडाची आहे."

चुसकच्या आदल्या दिवशी बस सहा तास रखडत चालली. चौकट गुलाबी रुमालात बांधून दोक-माननी मांडीवर घेतली होती. शेजारी सुन-रेबाई डुलक्या घेत होत्या. वाटेतल्या थांब्यावर गाठ सैल झाली आणि पलीकडच्या बाकावरच्या एका आजीबाईंना फोटो दिसला.

"अगं बाई, अध्यक्ष!" त्यांनी फोटोकडे बघितलं, मग दोक-मानकडे बघितलं. अक्रोडाच्या गरम केकची पुडी त्यांच्या हातात कोंबली आणि वर बोट नाचवून म्हणाल्या, "लाज वाटत नाही? भावाचं आहे ते भावाला परत द्या!"

"तेच द्यायला चाललोय, आजी," दोक-मान म्हणाले.

सकाळी ताट मांडलं. कागदावरच्या नावामागे चौकट उभी राहिली, फीत नसलेली. दादा ऐंशीला टेकले होते आणि बरेच आकसलेले दिसत होते. बोरांची ताटली त्यांनी दोक-मानच्या हातात दिली आणि दुसरीकडे बघत म्हणाले, "ठेव तुला हवी तिथे."

दोक-माननी ती पश्चिमेला ठेवली. दादांनी ती उचलून पूर्वेला ठेवली. दोक-माननी परत पश्चिमेला ठेवली. "बोरं सुरकुतून जातील दोघांच्या हातात," वहिनी म्हणाल्या आणि ताटली ओढून मधोमध ठेवून दिली. चौकटीतला माणूस त्या सगळ्यांच्या डोक्यांवरून, दाराबाहेर, लांब बघत होता. दारातून समुद्र दिसत होता.

दोघं भाऊ शेजारी शेजारी उभे राहिले. एक नमस्कार झाला. दुसऱ्यासाठी दोक-मान वाकले, कपाळ जमिनीला लागलं, आणि जन्मात पहिल्यांदा त्यांना डोळे मिटल्यावर कागद दिसला नाही. पडवीच्या टोकाशी पाठमोरा उभा असलेला माणूस वळला होता. ते उठायला विसरले.

बाजूला दादाही अजून वाकलेलेच होते. जमिनीला डोकं टेकूनच त्यांनी हळूच विचारलं, "आता पाहिलंस ना?"

"पाहिलं, दादा," दोक-मान म्हणाले.